आधी वही, मग माइक : पुण्यातून क्रीडा पत्रकार, समालोचक आणि पॉडकास्टर होऊ पाहणाऱ्यांसाठी

खेळावर बोलायची हौस असलेली मुलं-मुली हल्ली पहिल्यांदा माइकबद्दल विचारतात. कोणता घ्यायचा, केवढ्याला मिळतो, मोबाइलला जोडता येतो का. ते पुढे सांगतोच. पण त्याआधी वही लागते. ज्याने मैदानावरून स्वतः काही आणलेलं नाही, त्याला माइकसमोर बसून टीव्हीवर बघितलेलंच परत सांगावं लागतं आणि ते सांगणाऱ्यांची आधीच गर्दी आहे. जो दोन-चार मोसम मैदानं फिरलाय, ज्याचा फोन प्रशिक्षक आणि पंच उचलतात, त्याला सांगण्यासारखं काहीतरी असतं. म्हणून हा लेख त्याच क्रमाने लिहितोय: मैदान, वही, बातमी, आवाज आणि मग स्वतःचा कार्यक्रम.

या वाटेला ठरलेली पदवी नाही, हे आधीच सांगून टाकतो. वि. वि. करमरकरांनी मराठी दैनिकात खेळाला हक्काचं पान मिळवून दिलं. पुण्याच्या बाळ ज. पंडितांनी आकाशवाणीवरून क्रिकेट मराठीत ऐकायची गोडी लावली. क्रिकेटवर लिहिणारे द्वारकानाथ संझगिरी पेशाने स्थापत्य अभियंते होते. हर्षा भोगले वयाच्या १९ व्या वर्षी हैदराबादच्या आकाशवाणीवर बोलू लागले, पण शिकले केमिकल इंजिनिअरिंग आणि नंतर अहमदाबादच्या आयआयएममध्ये. तुम्ही बीकॉम करत असाल किंवा हिंजवडीत नोकरी करत असाल, तरी सुरुवात करता येते. फर्ग्युसन रस्त्यावरच्या रानडे इन्स्टिट्यूटमधला पत्रकारितेचा अभ्यासक्रम जरूर करा. संपादनाची शिस्त लागते, ओळखी होतात. पण प्रवेश मिळाला नाही म्हणून वर्षभर थांबू नका.

पहिली पायरी : मैदान निवडा

क्रिकेट सोडू नका, पण एकट्या क्रिकेटवर विसंबूही नका. ऑक्टोबर २०२४ मध्ये गहुंज्याला न्यूझीलंडने ११३ धावांनी कसोटी जिंकली आणि घरच्या मैदानावर सलग १८ मालिका जिंकण्याची भारताची घोडदौड थांबली. मिचेल सँटनरने त्या सामन्यात १३ बळी घेतले. त्या दिवशी यावर बोलणारे जगभर होते. नवख्या माणसाने त्यात काय भर घालायची? शिवाय आंतरराष्ट्रीय सामन्याचं माध्यम ओळखपत्र बहुतेक वेळा संस्थेच्या नावावर मिळतं, एकट्यादुकट्या पॉडकास्टरला ते मिळणं अवघड.

पुण्यात बघायला मात्र रोज काहीतरी असतं. पिंपरीत नेहरूनगरला मेजर ध्यानचंद हॉकी स्टेडियम आहे. अ‍ॅथलेटिक्ससाठी सारसबागेजवळचं सणस मैदान आणि बालेवाडीचं क्रीडा संकुल. कुस्तीसाठी कात्रजचं मामासाहेब मोहोळ संकुल आणि पेठांमधल्या तालमी. क्लब क्रिकेट पूना क्लब, पीवायसी, डेक्कन जिमखाना, नेहरू स्टेडियम इथे चालू असतं. पावसाळ्यापासून दिवाळीच्या आसपासपर्यंत जिल्हा क्रीडा कार्यालयाच्या शालेय स्पर्धांची धामधूम असते. तिथे प्रेस बॉक्स नसतो, ओळखपत्र लागत नाही. आयोजकांना भेटून नाव-गाव सांगितलं की गुणलेखकाच्या टेबलाशेजारी खुर्ची मिळते.

माझा आग्रह असा: एक गर्दीचा खेळ घ्या आणि एक दुर्लक्षित. दुर्लक्षित खेळात खो-खोला पुण्याइतकी जागा दुसरीकडे नाही. १९१४ साली पुण्याच्या डेक्कन जिमखान्यानेच खो-खोचे नियम बांधले. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत पहिला विश्वचषक झाला, भारताच्या पुरुष आणि महिला दोन्ही संघांनी तो जिंकला, आणि दोन्ही कर्णधार, प्रतीक वायकर आणि प्रियांका इंगळे, महाराष्ट्राचे. त्या दोघांना किशोर गटात खेळताना बघितलेल्या वार्ताहराकडे त्या रात्री जे सांगण्यासारखं होतं, ते कुठल्याही मोठ्या स्टुडिओत मिळालं नसतं. नेमबाजीचंही तसंच. पॅरिसला २०२४ मध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्समध्ये कांस्य जिंकणारा कोल्हापूर जिल्ह्यातला स्वप्नील कुसाळे बालेवाडीच्या रेंजवर सराव करत होता. १९५२ च्या हेलसिंकीत खाशाबा जाधवांनी मिळवलेल्या पदकानंतर महाराष्ट्राच्या खेळाडूचं हे पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक, म्हणजे मध्ये ७२ वर्षं गेली. पदक मिळाल्यावर बालेवाडीला कॅमेरे धावले. त्याआधीच्या वर्षांत तिथे जाऊन बसायला कुणाची आडकाठी नव्हती.

खेळ निवडताना घरापासूनचं अंतर बघा. सिंहगड रस्त्यावर राहून रोजच्या संध्याकाळी बालेवाडी गाठायची म्हटलं तर निम्मा उत्साह वाटेतच संपतो.

दुसरी पायरी : वही

ही पायरी सगळ्यात कंटाळवाणी वाटते आणि सगळ्यात जास्त उपयोगी पडते.

आधी गुणलेखन शिका. क्रिकेटचं स्कोअरबुक हाताने भरता आलं पाहिजे, अ‍ॅपवर बोट दाबून नव्हे. हाताने भरताना सामन्याचा आकार डोळ्यांपुढे उभा राहतो: कोणत्या षटकांत धावा आटल्या, कोणत्या गोलंदाजाला एका टोकाकडून हलवलंच नाही, निर्धाव चेंडूंची रांग कुठे लागली. कबड्डीत प्रत्येक चढाई लिहा: कोण गेला, कोणत्या बाजूने, काय मिळालं, पकड कुणी केली. खो-खोत संरक्षणाची वेळ मिनिट-सेकंदांत आणि कोण कसा बाद झाला ते टिपा. वर्तमानपत्रात खो-खोच्या बातमीत खेळाडूच्या नावापुढे कंसात ‘२.१० मि. संरक्षण व ४ गुण’ असं छापून येतं. नवख्याला तो नुसता आकडा वाटतो. खरं तर दोन मिनिटं दहा सेकंद एका पोराने अख्ख्या संघाला पळवलं, आणि उलट डावात स्वतः चार गुण मिळवले, एवढी गोष्ट त्या ओळीत मावलेली असते.

वहीचं एक पान कसं दिसावं? डावीकडे खेळाचा हिशेब. उजवीकडचं पान मोकळं ठेवा आणि तिथे जे आकड्यात येत नाही ते लिहा. समजा शालेय मुलींचा खो-खो सामना आहे. उजव्या पानावर असं काहीतरी जमलं पाहिजे: ‘मैदान काल रात्रीच्या पावसाने एका खांबाकडे ओलं, भुसा टाकलाय. त्या खांबाकडे कुणी सूर मारत नाहीये. पाच नंबरची मुलगी मात्र मुद्दाम तिकडेच नेतेय पळवत. तिसऱ्या वेळी आक्रमक घसरली. प्रशिक्षक बाहेरून ओरडतायत, साखळी तोडू नका.’ गुणफलक दुसऱ्या दिवशी कुणालाही मिळेल. ओल्या खांबाकडे पळणारी पाच नंबरची मुलगी फक्त तुमच्याकडे आहे. सामना संपल्यावर तिच्याकडे जाऊन विचारायचं, ‘तिकडे मुद्दाम जात होतीस ना?’ बघा ती कशी खुलते.

आणखी काही सवयी. नावं खेळाडूकडूनच लिहून घ्या, ऱ्हस्व-दीर्घासकट. ‘शीतल’चं ‘शितल’ झालेलं तिच्या घरी वर्षानुवर्षं लक्षात राहतं. जन्मतारीख, शाळा किंवा क्लब, प्रशिक्षकाचं नाव, गाव टिपा. हरलेल्या संघाशी बोलल्याशिवाय मैदान सोडू नका. सामना का फिरला हे बहुतेक वेळा हरलेला जास्त नेमकं सांगतो. आणि वह्या फेकू नका, वर तारखा घाला. पुढे पॉडकास्टचा अर्धा मजकूर त्यातूनच येणार आहे.

तिसरी पायरी : नियमांचं पुस्तक

पायरी छोटी आहे, पण टाळू नका. ज्या खेळावर बोलणार त्याची नियमपुस्तिका वाचा, आणि दरवर्षी वाचा, कारण नियम बदलतात. शक्य असेल तर जिल्हा संघटनेची पंच परीक्षाही द्या. बऱ्याच खेळांत ती घेतली जाते.

२०२५ च्या फेब्रुवारीत अहिल्यानगरच्या महाराष्ट्र केसरी स्पर्धेत गादी विभागाच्या अंतिम लढतीत चीतपटीच्या निर्णयावरून मोठा वाद झाला, प्रकरण पंचांवर हात उचलण्यापर्यंत गेलं आणि पुढे बंदीची कारवाई झाली. त्या रात्री मोबाइलवर फिरणाऱ्या एका तुकड्यावरून गावोगाव निकाल लागत होते. पण दोन्ही खांदे टेकले म्हणजे नेमकं काय, किती वेळ टेकायला हवेत, मुख्य पंच, बाजूचे पंच आणि मॅट चेअरमन यांच्यात निर्णय कसा ठरतो, दाद कधी मागता येते, हे शांतपणे सांगणारे थोडे होते. श्रोत्याला तेच हवं होतं. अशा वेळी पंच चूक की बरोबर हे सांगायची घाई करू नका. नियम सांगा, दोन्ही मल्लांची बाजू सांगा, संघटनेचं म्हणणं सांगा आणि जे दिसलं नाही ते दिसल्यासारखं बोलू नका.

चौथी पायरी : बातमी

आता छापून येईल असं लिहायचं. पुण्यात ‘केसरी’ १८८१ पासून आहे, ‘सकाळ’ १९३२ पासून. इतर मोठ्या मराठी दैनिकांच्याही पुणे आवृत्त्या आहेत. स्थानिक खेळांच्या बातम्यांना माणूस नेहमीच कमी पडतो. क्रीडा विभागाला भेटा, एखाद्या स्पर्धेच्या रोजच्या निकालांची जबाबदारी मागून घ्या. सुरुवातीला मानधन थोडं असतं, कधी नसतंच. पण आठ वाजता सामना संपला आणि साडेआठला मजकूर गेला पाहिजे, ही शिस्त दुसरीकडे कुठे मिळत नाही. फुकट किती दिवस करायचं याची मर्यादा मात्र स्वतःशी ठरवून घ्या आणि ती आली की मोकळेपणाने पैशांचं बोला. मराठी माणूस इथे उगाच संकोचतो.

लिहिताना निकाल पहिल्या वाक्यात. नंतर निर्णायक क्षण. नंतर माणूस. विशेषणं आवरा. ‘चमकदार’, ‘दिमाखदार’, ‘घणाघाती’ या शब्दांनी बातम्या गुळगुळीत झाल्या आहेत. फलंदाजाने पहिल्या ३० चेंडूंत ८ धावा केल्या आणि पुढच्या २५ चेंडूंत ५२, एवढं लिहिलं की ‘घणाघाती’ लिहायची गरजच पडत नाही.

नवी पेठेतल्या पत्रकार भवनात खेळांच्या संघटना पत्रकार परिषदा घेतात. तिथे बसून फक्त छापील पत्रक उतरवून आणू नका. निवड चाचणी कधी झाली, किती खेळाडू आले, निवड समितीत कोण होतं, हे विचारा. उत्तर टाळलं तर ते लक्षात ठेवून पुढच्या वेळी पुन्हा विचारा.

एक-दोन वर्षं असं केलंत की भाषेत नेमकेपणा येतो आणि ओळखी जमतात. बोलायला बसायची खरी तयारी तिथे होते.

पाचवी पायरी : आवाज

लिहिणाऱ्याला माइकसमोर पहिली अडचण येते ती वाक्याच्या लांबीची. छापील वाक्य डोळा परत मागे जाऊन वाचतो, कानाला परत जाता येत नाही. छोटी वाक्यं बोला, क्रियापद लवकर येऊ द्या.

सरावासाठी घरी टीव्हीचा आवाज बंद करा, मोबाइलवर स्वतःचं समालोचन रेकॉर्ड करा. मग डोळे मिटून ऐका. मैदान दिसतंय का? गुणसंख्या कळतेय का? दोन प्रकारचं बोलणं शेजारी ठेवून बघा. पहिला प्रकार आपण सगळीकडे ऐकतो:

‘आणि पुन्हा एकदा जबरदस्त चढाई! काय खेळाडू आहे! अप्रतिम! आणि... पकडला, जबरदस्त पकड!’

आता दुसरा:

‘समोर सहा जण. डावीकडून आत शिरला. बोनस रेषेपलीकडे उजवा पाय टेकला, डावा हवेत, बोनस मिळाला. परत वळतोय. कोपऱ्यातून झेप, घोटा धरला, वरून आणखी दोघे आले... मध्यरेषा हातभर लांब, पोचला नाही. चढाईचा बोनस एक, पकडीचा एक. बावीस-एकोणीस.’

दुसऱ्यात एकही विशेषण नाही, तरी चित्र दिसतं. बोनससाठी समोर किमान सहा बचावपटू लागतात, मागचा पाय उचललेला असावा लागतो, हे नियम माहीत असल्याशिवाय हे वाक्य तोंडात येत नाही. तिसऱ्या पायरीची मेहनत इथे कामी येते.

रेडिओवर किंवा नुसत्या आवाजाच्या प्रक्षेपणात गुणसंख्या सतत सांगावी लागते. अमेरिकेतला बेसबॉलचा जुना समालोचक रेड बार्बर समोर अंडी उकडायचं तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचा. ते उलटलं की धावफलक सांगायचा. कुणी नुकतंच रिक्षात बसलेलं असतं, कुणी दुकानात शिरलेलं असतं, त्यांना आधी ‘किती झाले’ हेच हवं असतं. टीव्हीवर याच्या उलट. चित्र समोर असताना ‘चेंडू सीमारेषेपार’ म्हणण्यात काही अर्थ नाही. क्षेत्ररक्षक दोन चेंडूंपूर्वीच हलवला होता, हे सांगा. आणि गप्प बसायला शिका. शेवटचा गडी पडल्यावर प्रेक्षकांचा आवाज दहा सेकंद तसाच ऐकू द्या.

भाषेचं काय? फलंदाज, गोलंदाज, षटक, पायचीत, धावबाद, झेल हे शब्द आपल्या कानांना घरचे आहेत, ते वापरा. गली, पॉइंट, कव्हर, यॉर्कर यांचं भाषांतर करत बसू नका. कबड्डी-खो-खोची मराठी तर मुळातच संपन्न आहे: चढाई, पकड, लोण, सूर, साखळी, हुलकावणी. आणि तुमच्या बोलीची लाज बाळगू नका. इंदापूरचा किंवा जुन्नरचा हेल असलेला आवाज कुस्तीच्या मैदानावर पेठेतल्या आवाजापेक्षा जास्त शोभतो.

मैदानावर बोलण्याचा खरा सराव कुठे मिळतो? टेनिस बॉल क्रिकेटच्या स्पर्धांत. पुणे जिल्ह्यात उन्हाळ्यात गावोगाव त्या चालतात, यूट्यूबवर थेट दाखवल्या जातात आणि दिवसभर बोलणारे समालोचक त्यांना लागतात. सकाळी आठपासून अंधार पडेपर्यंत, एकामागून एक सामने, खेळाडूंची नावं ऐन वेळी हातात येतात, मध्येच सरपंचांचं स्वागत करायचं असतं. अशा मैदानावर एक मोसम काढलेला माणूस कुठल्याही स्टुडिओत गडबडत नाही. यात्रेतल्या कुस्ती मैदानांचे निवेदक जरूर ऐका. हलगी वाजत असताना मल्लाचं गाव, वस्ताद, मागच्या कुस्त्या सगळं तोंडपाठ म्हणणारे हे लोक आपल्याकडचे फार मोठे कलावंत आहेत आणि त्यांचं पुरेसं कौतुक झालेलं नाही. त्यांच्या शेजारी बसा, माहिती कशी जमवतात ते विचारा.

शिवाजीनगरचं आकाशवाणी केंद्र नैमित्तिक उद्घोषकांसाठी अधूनमधून लेखी आणि आवाजाची चाचणी घेतं. जाहिरातीवर लक्ष ठेवा. विद्यापीठाचं विद्यावाणी १०७.४ एफएम हे सामुदायिक केंद्र विद्यार्थ्यांसाठी चांगली शाळा आहे. मोठ्या पडद्याकडे जायची वाटही आता मराठीतून आहे. आयपीएलचं ऑनलाइन प्रक्षेपण मराठी समालोचनासह येऊ लागलं आहे. २०२३ च्या मोसमात पुण्याचा केदार जाधव मराठीत समालोचन करत होता आणि मध्येच बंगळुरू संघाने त्याला खेळायला बोलावून घेतलं. माजी खेळाडू असे सहज येतात, त्यांच्याकडे अनुभव आहे. त्यांच्या शेजारी बसणारा दुसरा आवाज मात्र खेळाडू नसलेल्याचाच असतो: सामना बांधून ठेवणारा, आकडे जवळ असणारा, योग्य प्रश्न विचारून खेळाडूला बोलतं करणारा. तुमची जागा ती आहे, तिची तयारी करा.

सहावी पायरी : स्वतःचा पॉडकास्ट

आता माइक. सुरुवातीला मोबाइल आणि कॉलरला लावायचा साधा माइक पुरतो. दोघांनी समोरासमोर बोलायचं तर दोघांना वेगळे माइक हवेतच. घरात रेकॉर्ड करणार असाल तर कंडेन्सरऐवजी डायनॅमिक माइक घ्या. कंडेन्सर शेजारच्या कुकरच्या शिट्टीसकट सगळं टिपतो. वायरी, स्टँड, अ‍ॅडॉप्टर तपकीर गल्लीत मिळतात. तोंडापासून माइक वीतभर लांब, थोडा तिरका ठेवा. पंखा बंद, फ्रिज शक्य असेल तर तेवढ्यापुरता बंद. उघड्या भिंतीवर आवाज आदळतो, म्हणून कपड्यांचं कपाट उघडं ठेवून त्याच्याकडे तोंड करून बसा किंवा समोर गोधडी टांगा.

पुण्यात वेळ सांभाळणं फार महत्त्वाचं. गणपतीच्या आधी महिना-दोन महिने संध्याकाळी नदीपात्रात ढोल-ताशा पथकांचा सराव चालतो. आसपास राहत असाल तर त्या काळात रेकॉर्डिंग सकाळी उरकून घ्या. सोसायटीच्या पाण्याच्या मोटारीची वेळही विचारून ठेवा.

संकलनाला ऑडॅसिटी फुकट मिळतं आणि पुरतं. ‘अं’, ‘म्हणजे’ काढा, पण सगळे श्वास कापू नका, माणूस यंत्रासारखा ऐकू येतो. आवाजाची पातळी साधारण उणे १६ एलयूएफएसवर (हे आवाजाचा मोठेपणा मोजायचं एकक) आणा, म्हणजे ऐकणाऱ्याला दर भागाला आवाज कमी-जास्त करावा लागत नाही. फाइल एखाद्या होस्टिंग सेवेवर चढवली की तिथून मिळणारा आरएसएस फीड, म्हणजे नवे भाग इतर अ‍ॅपपर्यंत आपोआप पोचवणारा दुवा, स्पॉटिफाय, अ‍ॅपल वगैरे ठिकाणी जोडता येतो. मराठी श्रोता मोठ्या संख्येने यूट्यूबवर आहे, तिथे भाग टाकाच, चित्र साधं असलं तरी चालेल. मूळ रेकॉर्डिंग दोन ठिकाणी साठवा.

विषयांचं म्हणाल तर आदल्या दिवशीच्या सामन्यावरच्या गप्पा दोन दिवसांत शिळ्या होतात. पहिले भाग टिकतील असे करा, आणि पुणं या बाबतीत खजिना आहे. डिसेंबर १९४८ मध्ये पूना क्लबच्या मैदानावर महाराष्ट्राकडून काठियावाडविरुद्ध भाऊसाहेब निंबाळकर ४४३ धावांवर नाबाद होते. ब्रॅडमनच्या तेव्हाच्या ४५२ च्या विक्रमाला ९ धावा कमी, संघाच्या ४ बाद ८२६, आणि काठियावाडने सामनाच सोडून दिला. आज त्या मैदानावर उभं राहून, जुन्या वर्तमानपत्रांतली वर्णनं वाचून, दोन जाणकारांशी बोलून केलेला भाग दहा वर्षांनीही ऐकला जाईल. तसंच नेहरू स्टेडियमचं. २९ फेब्रुवारी १९९६ ला विश्वचषकात केनियाने १६६ धावा करून वेस्ट इंडीजला ९३ मध्ये गुंडाळलं. त्या सामन्याबद्दल केनियाच्या बाजूने पुष्कळ लिहिलं गेलंय. पण त्या दिवशी स्टँडमध्ये बसलेले पुणेकर अजून याच शहरात आहेत. स्वारगेट, घोरपडे पेठ, गुलटेकडीत चौकशी केली तर भेटतील. त्यांचं वय बघता हे काम पुढे ढकलू नका.

भाग किती मिनिटांचा? मजकूर असेल तेवढा. पंचवीस मिनिटांत संपणारं तासभर ताणू नका. दर आठवड्याला जमत नसेल तर पंधरवड्याला करा, पण ठरलेल्या वाराला करा.

मुलाखत

याला पायरी म्हणत नाही, कारण ती वहीपासून पॉडकास्टपर्यंत सगळीकडे लागते.

‘कसं वाटतंय?’ या प्रश्नाला प्रत्येक खेळाडूकडे पाठ केलेलं उत्तर आहे: आई-वडिलांचं, प्रशिक्षकांचं श्रेय, मेहनतीचं फळ. त्यात त्याची चूक नाही, प्रश्नच तसा आहे. एखादा क्षण धरून विचारा. ‘दुसऱ्या डावात तुम्ही गार्ड बदललात, का?’ ‘शेवटच्या शंभर मीटरला तुम्ही मागे बघितलंत, तेव्हा काय दिसलं?’ उत्तर आल्यावर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका, जरा थांबा. खरं बोलणं पुष्कळदा त्या थांबण्यानंतर येतं.

वडीलधाऱ्या वस्तादांना भेटायला जाताना आधी फोन करा, पहिली भेट रेकॉर्डरशिवाय द्या. चहा होऊ द्या. जुने फोटो स्वतःहून काढून दाखवले की समजा, पुढच्या भेटीत माइक ठेवता येईल. महिला खेळाडूला लग्न आणि स्वयंपाकाचे प्रश्न विचारायचे नाहीत. तिच्या सरावाबद्दल विचारा, प्रवासाबद्दल विचारा, मैदानावर कपडे बदलायला खोली आहे का ते विचारा. हे शेवटचं विचारलं की कितीतरी बातम्या निघतात.

अठरा वर्षांखालच्या मुलांशी बोलताना पालकांची परवानगी घ्या आणि प्रशिक्षक किंवा पालक जवळ असू द्या. शोषणाची तक्रार कानावर आली तर ती गंभीरपणे घ्या, पण पीडित मुलाची किंवा मुलीची ओळख कळेल असं नाव, शाळा, क्लब, फोटो काहीही बाहेर जाता कामा नये. पॉक्सो, म्हणजे मुलांच्या लैंगिक शोषणाविरुद्धच्या कायद्याने तो गुन्हा आहे. अशी बातमी एकट्याने हाताळू नका, अनुभवी संपादकाकडे जा.

हक्क, जाहिराती आणि पैसा

सामन्याची दृश्यं तुमची नाहीत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात प्रसारकाला त्याच्या प्रक्षेपणावर वेगळा हक्क दिलेला आहे. टीव्हीवरचा तुकडा कापून यूट्यूबवर टाकला तर तो उतरवला जाईल, वारंवार केलंत तर चॅनल जाईल. समीक्षेसाठी किंवा चालू घडामोडींच्या वार्तांकनासाठी मर्यादित वापराला कायद्यात वाव आहे, पण त्याचा आधार घेऊन आख्खं षटक दाखवता येत नाही. गाण्यांचंही तसंच. सुरुवातीच्या धूनसाठी ओळखीच्या वादकाला मानधन देऊन स्वतःची धून करून घ्या आणि दोन ओळींचं का होईना, लेखी घ्या.

थोडे श्रोते जमले की जाहिरातीचा पहिला निरोप फार वेळा सट्ट्याच्या किंवा पैसे लावून खेळायच्या अ‍ॅपकडून येतो. रक्कम मोठी असते. ती घेऊ नका. ऑगस्ट २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर आणि त्यांच्या जाहिरातींवर बंदी घातली आहे. जाहिरात करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि ५० लाखांपर्यंत दंडाची तरतूद आहे. ‘न्यूज पोर्टल’ किंवा ‘ब्लॉग’ अशा नावाखाली तीच कंपनी येते, तेव्हा मागे कोण आहे ते शोधा. कायदा नसता तरी मी हेच सांगितलं असतं. ज्या पोराच्या घामाबद्दल तुम्ही बोलता, त्याच्या सामन्यावर लागणाऱ्या पैशातून तुमचं घर चालू नये.

चांगले प्रायोजक जवळच असतात: खेळाच्या साहित्याचं दुकान, फिजिओथेरपीचा दवाखाना, व्यायामशाळा, शाळा, स्थानिक बँक. त्यांना लाखो श्रोते नकोत, पुण्यातले हजार पालक हवेत. तेवढे तुमच्याकडे असतील तर आकडे खरे दाखवून रक्कम मागा. बिल द्या, नोंद ठेवा. व्यावसायिक शुल्कावर बहुधा दहा टक्के टीडीएस कापला जातो, तो विवरणपत्र भरून हिशेबात घ्या. सेवांची वार्षिक उलाढाल २० लाखांच्या वर गेली की जीएसटी नोंदणी लागते. तोवर नोकरी किंवा दुसरं उत्पन्न सोडू नका. पॉडकास्टवर घर चालायला वर्षं लागतात, दरम्यान समालोचन, निवेदन, लेखन, भाषांतर, शाळांच्या स्पर्धांचं चित्रण अशा चार कामांतून महिना उभा राहतो.

या चार कामांतच एक अडचण लपलेली असते. ज्या संघटनेच्या स्पर्धेत तुम्ही मानधन घेऊन समालोचन करता, तिच्याच निवडीतल्या घोटाळ्याची तक्रार घेऊन एक दिवस एखादा पालक तुमच्याकडे येतो. त्या वेळी काय करायचं हे आधीच ठरवून ठेवा. माझी पद्धत अशी की संघटनेचं काम घेतानाच तिच्या पदाधिकाऱ्यांना सांगायचं, बातमी आली तर मी ती देणार. काही जण काम देत नाहीत, ते ठीक आहे. जे देतात त्यांच्याबद्दल बोलताना भागाच्या सुरुवातीलाच श्रोत्यांना सांगायचं की या संघटनेकडून मी पैसे घेतले आहेत, आणि मग पालकाचं म्हणणं, संघटनेचं म्हणणं आणि निवड चाचणीचा कागद, तिन्ही पुढे ठेवायचं.